मोठ्या फोनचा गेम

अकोटला कापूस खरेदीच्या रांगेत गाडी तिसऱ्या दिवशीही हलेना, तेव्हा गुणवंतरावांनी समोरच्या नईमच्या मोबाईलच्या दुकानात जाऊन आपल्या साध्या फोनात क्रिकेटचा गेम टाकून घेतला. गेम निघाला मोठ्या फोनचा. खालचं अर्धं मैदान कापलंच गेलं. बॅट्समन दिसायचा, बॉलर काही दिसायचा नाही. चेंडू कुठून आला हे कळायच्या आत दांडी गुल!

"काका, ह्या फोनात हा असाच चालन. काढून टाकू काय?" नईमनं विचारलं.

तेवढ्यात रांगेतला एक गाडीवाला धावत आला. "भाऊ, कापसाचा भाव आखीन पाडला!"

"कोनं पाडला?" गुणवंतरावांनी विचारलं.

"कोनाले मालूम!"

 

गुणवंतरावांनी फोन खिशात टाकला. "राहू दे, नईम. आपल्याले बॉलर कवा दिसला?"