नावाचा भात

पहिला घास सासूनं घ्यायचा असतो. साखराबाईंनी तो घेतला, चावला आणि गिळला. मग सासरे शेषेराव जेवले, मग नवरा सुदर्शन. उज्वला समोर बसून बघत होती. सकाळी सुदर्शननं परातीत तांदूळ पसरून अंगठीनं त्यात तिचं नाव लिहिलं होतं, आणि तेच तांदूळ शिजवून आता घर जेवत होतं. शेवटचा घास सहा वर्षांच्या सृष्टीचा. पोरगी तोंड उघडेना. सुदर्शननं तिचं नाक दाबलं आणि घास आत सारला.

"धाली गिळाई, पोट भरलं तिचं," शेषेराव म्हणाले आणि हात धुवायला उठले.

गिळाई म्हणजे गावामागच्या टेकडीतलं एक भोक. मूर्ती नाही, शेंदूर नाही. आत कान लावला तर कुणीतरी चावत असल्याचा आवाज येतो म्हणतात. बारा वर्षांतून एकदा ती एका घराकडून एक नाव मागते. घर कोणतं ते पुजारी सांगतो, नाव कोणतं ते घरानं ठरवायचं. आजवर तिला ना कुणाचा बाप रुचला, ना कुणाचा लेक. दर वेळी सूनच. देवाची आवडनिवड घरच्यांना बरोबर कळते.

नाव गेलं म्हणून बाई मरत नाही. मेलेली बरी. तिला हाक मारायची नाही, तिच्याकडे बघायचं नाही, तिच्याशी बोलायचं नाही. ताट गोठ्याच्या दाराशी सरकवायचं आणि पाठ फिरवायची. पोटच्या लेकरानं आई म्हटलं तर त्याच्या जिभेवर ठेचा ठेवायचा. गाव सोडून जावं, तर शिवेवर नावदगड आहे. जाता-येता प्रत्येकानं दगडाला आपलं नाव सांगायचं, मगच पुढं पाऊल टाकायचं. फटफटीवाली पोरंसुद्धा गाडी थांबवून सांगतात. जिला नाव नाही ती शीव ओलांडायला गेली, तर गिळाई तिला सबंध गिळते. गावाला हे खरं वाटायचं. उज्वलालाही वाटायचं. म्हणूनच गोठ्याला कधी कुलूप लावावं लागलं नाही.

दुसऱ्या दिवशी सुदर्शन धार काढायला आला. "अहो," ती म्हणाली. "सर गं चंद्रे," तो म्हशीला म्हणाला. त्या गोठ्यात म्हशीला नाव होतं. त्याच दुपारी सृष्टीनं अंगणातून "आई" अशी हाक मारली, आणि मग घरातून तिचं रडणं बराच वेळ ऐकू येत राहिलं. तिसऱ्या दिवशी पोरगी गोठ्यासमोरून गेली. ओठ सुजलेले होते. तिनं मान वर केली नाही. आपली लेक शिकली, हे उज्वलाला कळलं, आणि ती कडब्यात तोंड खुपसून रडली.

चौथ्या दिवशी बापलेक सोयाबीन घेऊन हदगावला गेले. दुपारी साखराबाईंनी ताट सरकवलं, पाठ फिरवली, पण त्या गेल्या नाहीत. तिथंच उंबऱ्यावर बसून त्यांनी सृष्टीला पुढ्यात ओढलं आणि तिची वेणी घालायला घेतली. या सासूनं नऊ वर्षांत सुनेशी सरळ शब्द म्हणून काढला नव्हता. भाजीत मीठ जास्त झालं तरी मांजराला सांगायच्या. लेकी बोले सुने लागे, ही त्यांची जुनीच रीत.

"सृष्टे, ऐक गं," त्या मोठ्यानं म्हणाल्या. "भोकरच्या बजरंगरावाला एक लेक व्हती. सिंधु."

गोठ्यातला हात ताटातच थांबला. नऊ वर्षांत हे नाव कुणी घेतलं नव्हतं. माहेरीसुद्धा जावयाचा मान म्हणून उज्वलाच म्हणायचे.

"लग्नात तुह्या बापानं तांदळात उज्वला लिव्हलं. आमीच ठिवलेलं नाव, आमीच शिजवून खाल्लं. सिंधुचं नाव कुणी दिलंय? कुणीच न्हाई." साखराबाईंनी वेणीला गाठ मारली. "अडीचची यष्टी शिवेपल्याड थांबती."

तिघी शिवेपर्यंत चालत गेल्या. साखराबाई पुढं होत्या, मागं न बघता. दगडाशी आल्यावर सून थांबली. तिनं सृष्टीचा हात घट्ट धरला.

"मी सिंधु," ती म्हणाली, आणि डोळे मिटून पाऊल टाकलं.

काही झालं नाही. ऊन तसंच होतं. सृष्टीनं आपलं नाव सांगितलं आणि उडी मारून ती आईला बिलगली. "आई," ती हळूच म्हणाली आणि भीतीनं आजीकडं बघितलं. आजी दुसरीकडं बघत होती. लांबून यष्टीचा हॉर्न ऐकू आला.

सिंधु एकदम वळली. "आत्याबाई, घास निसटला म्हणून आता तुमचं नाव शिजवतील. दुसरी बाई हाय कुठं घरात? शिजवू द्या. तुमीबी तुमचं माहेरचं नाव सांगा आन् सरळ भोकरला या."

साखराबाई दगडाशी उभ्या राहिल्या. त्यांचे ओठ हलले. पुन्हा हलले. यष्टी येऊन थांबली, कंडक्टरनं घाई केली. तेव्हा त्या वळल्या आणि नऊ वर्षांत पहिल्यांदा त्यांनी सुनेच्या डोळ्यांत सरळ बघितलं.

"मला आठवंना गं, सिंधु."