दुपारचा डंका

दुपारचे दोन वाजले आणि जमिनीच्या कंपनांच्या आलेखातल्या सरळ रेषेवर पुन्हा उंचवटा उठला. सलग नववा दिवस. दूर अवकाशात कृष्णविवरं आदळून उठणाऱ्या लाटा टिपणारं यंत्र उभारायला शांत जमीन हवी होती. शनिवारच्या अहवालातही हा थरथराट दिसला, तर वर्षभर मोजलेली ही जागा बाद होणार होती.

जागेची मोजणी करणारी स्वरदा छोटा कंपनमापक काखोटीला मारून या थरथराटाचा उगम शोधत गावात गेली. शिंका देत ती द्रौपदामावशींच्या डंक्यापाशी, मिरची कांडायच्या यंत्रापाशी, पोचली. त्याच्या प्रत्येक ठोक्याने उंबऱ्यावरचा तांब्या थरथरत होता.

"मावशी, दुपारी हा चार दिवस बंद ठेवाल?"

"लगीनसराईत? आन् तुला ऐकायचंय तरी काय एवढं?"

"आभाळात दोन मेलेले तारे आदळले, की इथली जागा अणूहूनही बारीक हलते. ते."

मावशी तोंडाला पदर लावून हसल्या. "एवढं बारीक कळतंय तुझ्या मशिनीला, आन् माझा डंका वेगळा काढता येईना व्हय?"

स्वरदाने कंपनमापक डंक्याच्या पायाशी ठेवला. संध्याकाळी त्याची नोंद तिने मोठ्या आलेखातून वजा केली, तसा उंचवटा विरला आणि रेषा सरळ झाली.

शनिवारी जागा पास झाली. अहवालाला कंपनाच्या ओळखलेल्या कारणांची यादी जोडायची असते. वारा आणि मालगाडी यांच्याखाली स्वरदाने मनापासून लिहिलं: 'द्रौपदामावशींचा डंका. दुपारी दोन ते चार. लगीनसराईत सहापर्यंत. बंद करण्याची गरज नाही.'