कोरडी टोपली

“गल्ला बघायच्या आधी फळी बघत जा,” गावाच्या सार्वजनिक न्हाणीघराच्या किल्ल्या देताना सासूबाई चिहारूला म्हणाल्या होत्या. त्या फळीवर रोजच्या गिऱ्हाइकांच्या साबण-घासणीच्या टोपल्या असत. “एखादी कोरडी दिसली, की कुणाला तरी त्या घरी पिटाळायचं.” चिहारू तेव्हा हसली होती. न्हाणीघर चालवायचं की पोलीसचौकी?

आज दुपारी बर्फाच्या ओझ्यानं तारा तुटल्या आणि अख्खं गाव अंधारात गेलं. उजेड उरला तो एकट्या न्हाणीघरात. मागच्या पडवीत कपाटाएवढं गॅसचं इंजिन होतं. ते वीज तयार करायचं, आणि त्याच्याच उष्णतेवर हौदाचं पाणी तापायचं. बघता बघता गाव लोटलं. म्हातारी माणसं, बायका, नातवंडं, फोन चार्ज करून घ्यायला आलेले. गावातले धडधाकट पुरुष बर्फ काढायच्या गाड्यांवर रस्त्यात होते. तिचा नवराही त्यांतच.

बायकांची आणि पुरुषांची, दोन्ही बाजू दिसतील अशा उंच बैठकीवर चिहारू बसली होती. मांडीवर तिची तान्ही लेक इतो झोपलेली. एक कान तिच्या श्वासाकडे, एक इंजिनाकडे.

इंजिनाची घरघर जड झाली. ती इतोला शेजारणीच्या हातात देऊन मागच्या दारानं धावली. छपरावरचा बर्फ घसरून धूर बाहेर सोडणाऱ्या नळीच्या तोंडावर बसला होता. आणखी थोडा वेळ गेला असता तर इंजिन आपण होऊन बंद पडलं असतं. तिनं फावड्यानं तोंड मोकळं केलं. घरघर पुन्हा सरळ झाली.

केसातला बर्फ झटकत ती आत आली आणि तिची नजर फळीवर गेली. सगळ्या टोपल्या निथळत होत्या. एक सोडून. निळ्या टोपलीतला साबण वाळून तडकला होता.

तोमे आजींची टोपली. वरच्या गल्लीत एकट्या राहायच्या त्या.

आजी आज दिसल्या का, म्हणून तिनं दोन्ही बाजूंना विचारलं. कुणीच पाहिलं नव्हतं. आजींच्या घरचा फोनही लागत नव्हता. हौदातून लालबुंद होऊन निघालेले ओइकावा काका टॉवेल पिळत हसले.

“ती म्हातारी मला पुरून उरेल. वीज गेली म्हणजे न्हाणीघर बंद, असं समजून लवकर निजली असेल.”

“कशाच्या उबेवर निजल्या असतील, काका?”

काकांचे टॉवेल पिळणारे हात थांबले. आजींचा हीटर विजेवर चालायचा. आणि त्यांच्या आईची कोळशाची शेगडी त्यांनी अजून टाकून दिली नव्हती, हे सगळ्यांना माहीत होतं. आणि कोळशाचा विषारी धूर बाहेर जायला असल्या थंडीत दारं-खिडक्या कोण उघडी ठेवतं?

वरच्या गल्लीची चढण एवढ्या बर्फात चढेल असं तिथं दुसरं कुणी नव्हतं. काका स्वतःच निघायला लागले, पण त्यांचे दुखरे गुडघे चिहारूला ठाऊक होते.

“काका, तुम्ही कपडे घाला आणि मागे जा. फावडं दाराशीच आहे. आवाज जड झाला की खणायचं. दमलात की दुसऱ्याला हाक मारायची. नळीचं तोंड बुजू द्यायचं नाही.”

“अहो धाकट्या मालकीणबाई, आम्ही गिऱ्हाईक आहोत.”

“आज नाही.”

बायकांच्या बाजूनं कुणीतरी खुदकन हसलं. काका मात्र गुपचूप पायमोजे चढवू लागले.

इतो जागी झाली होती. शेजारणीच्या कडेवरून झेपावून तिनं आईची कॉलर मुठीत धरली. चिहारूनं क्षणभर ती मूठ तशीच राहू दिली. मग एकेक बोट सोडवलं, लेकीच्या टाळूवर ओठ टेकले, स्वतःच्या डोक्यावर लोकरीची टोपी घातली आणि बॅटरी घेतली.

दाराशी ‘आज बंद’ची लाकडी पाटी होती. तिनं ती उलटी केली, कोऱ्या बाजूवर खडूनं मोठ्या अक्षरांत लिहिलं आणि बाहेरच्या दिव्याखाली टांगून ती बर्फात उतरली.

‘न्हाणीघर चालू आहे. मी तोमे आजींकडे गेले आहे. हे वाचणाऱ्यानं आधी आत जाऊन फळी बघावी. आणखी कुणाची टोपली कोरडी दिसली, तर अंघोळीआधी त्यांच्या दारी जाऊन यावं. पाणी गरम राहील.’