नऊ कुंड्यांची हजेरी

तीन नंबरच्या कुंडीतली माती बोटाला सैल लागली. बाईंनी चार नंबरच्या कुंडीत बोट खुपसलं. तीही सैल.

"अहो, माझ्या कुंड्यांना कोणी हात लावला?"

खिडकीपाशी घड्याळ दुरुस्त करत बसलेल्या त्यांच्या नवऱ्याने डोळ्याचं भिंग काढलं नाही. सगळे त्यांना घड्याळजीच म्हणत. "मांजर असेल."

"मांजर नऊ कुंड्या ओळीने उकरून पुन्हा थापून ठेवतं होय?"

"शिस्तीचं असेल. मास्तरणीच्या घरचं आहे."

बाई हसल्या नाहीत. बत्तीस वर्षं शाळेत शिकवलेल्या माणसाला उडवाउडवीचं उत्तर चेहरा न बघताही कळतं. दर वर्षी याच सुमाराला माती सैल लागायची. मुंग्या असतील म्हणून त्यांनी सोडून दिलं होतं. या वर्षी मात्र मन मानेना.

कुंड्यांत एकपानी होती. हे नाव बाईंनीच ठेवलेलं. नऊ वर्षांपूर्वी शाळेमागच्या जंगलात ती त्यांना पहिल्यांदा दिसली. पालापाचोळ्यातून वर आलेला वीतभर दांडा, त्यावर मान वाकवलेलं एकच फिकट फूल, आणि पानाचा पत्ताच नाही. फूल गळाल्यावर मग त्याच जागी एकुलतं एक पान, जमिनीला टेकलेलं. फुलाने आणि पानाने एकमेकांचं तोंड कधी बघायचं नाही, असा त्यांचा करारच. बाईंनी दोघांचीही चित्रं काढली, पाकळ्या मोजल्या, पुस्तकं पालथी घातली. शेवटी विद्यापीठातून उत्तर आलं : तुम्ही ओळखलंत ते बरोबर आहे, फूल फार दुर्मीळ आहे, जपा.

पुढच्याच वर्षी तिथून रस्ता गेला. त्याआधी बाईंनी वाटाण्याएवढे नऊ कंद उचलून घरी आणले होते. तेवढेच वाचले.

तेव्हापासून रोज सकाळी सातला हजेरी. एक नंबर, दोन नंबर, तीन नंबर. प्रत्येकीला अर्धा पेला पाणी. फूल असो, पान असो, नाहीतर पान सुकून नुसती माती उरलेली असो, खाडा नाही. नोकरीतही बाईंनी एक दिवस रजा घेतली नव्हती.

"आज रविवार आहे, बाईसाहेब," घड्याळजी म्हणायचे.

"ते मला ठाऊक आहे. कुंड्यांना नाही." आणि बाई पेला भरायच्या. आठ वर्षं नऊपैकी नऊ फुलत होत्या. आणखी काय पुरावा हवा?

उद्या विद्यापीठातली संशोधक मुलगी यायची होती. जंगलाचा एक तुकडा आता राखून ठेवला होता. बाईंचे कंद तिथे परत लावायचं ठरलं होतं. आणि नेमकी आजच माती सैल.

बाई एकेक गोष्ट जुळवू लागल्या. गेल्या महिन्यात रोपवाटिकेचा मिशीवाला मालक दारात येऊन म्हणाला होता, "एक कंद द्या, मागाल ते देतो." बाईंनी त्याला उंबऱ्यावरूनच परत पाठवलं. चारच दिवसांनी घड्याळजी त्याच्याच फाटकातून बाहेर पडताना दिसले, काखेत पिशवी.

"काय आणलंत?"

"वाळू."

"वाळू कशाला?"

"घड्याळातली संपली."

तेव्हा बाईंनी हात जोडले होते. आता त्या हळूच टेबलापाशी गेल्या. चिमट्याच्या टोकाला माती होती. खालच्या खणातल्या पत्र्याच्या डब्याला इवलंसं कुलूप होतं. चाळीस वर्षांच्या संसारात या घरात कधी डब्याला कुलूप लागलं नव्हतं.

कुंडी उकरून बघावी? पण पान सुकल्यावर झोपलेल्या कंदाला हात लावायचा नाही, हा नियम त्यांचाच. बाईंनी खण पुन्हा लावून टाकला.

दुसऱ्या दिवशी संशोधक आली, जमिनीवर कागद पसरून बसली. "बाई, पान सुकलं की पाणी कधी बंद करता?"

"बंद? आज सकाळीसुद्धा घातलंय."

मुलीचं पेन थांबलं. "या दिवसांत? झोपेत पाणी मिळालं तर हा कंद महिनाभरात कुजतो, बाई."

"मग आठ वर्षं नऊच्या नऊ फुलतात त्या कशा?"

मुलगी उठून कुंड्यांपाशी गेली. तिने एक नंबरची कुंडी कागदावर उपडी केली, माती बोटांनी चाळली. काही नाही. दोन नंबर, काही नाही. नवव्या कुंडीपर्यंत तेच.

"कुजून गेले असतील," मुलगी हलकेच म्हणाली.

"कुजले नाहीत. चोरीला गेलेत. आणि चोर कोण ते मला माहीत आहे." बाई उठल्या, खिडकीपाशी गेल्या. "उघडा तो डबा."

"पाहुण्यांसमोर?"

"पाहुण्यांसमोरच. मिशीवाल्याला किती दिलेत?"

घड्याळजींनी भिंग काढलं, पुसलं, खिशात ठेवलं. "तू रागावशील."

"उघडा म्हणते ना!"

किल्ली फिरली. डबा कोरड्या वाळूने भरलेला होता. वाळूत घड्याळाचे सुटे भाग येतात तसल्या पातळ कागदाच्या नऊ पुड्या उभ्या खोचलेल्या होत्या, प्रत्येकीत वाटाण्याएवढा टणक कंद. पुडीवर बाईंनीच दिलेला हजेरीचा नंबर होता, त्याखाली मुंगीएवढ्या अक्षरांत आठ वर्षांच्या तारखा, कंद उचलल्याच्या आणि परत ठेवल्याच्या, आणि दर वर्षीच्या तारखांपुढे एकच शेरा : रजा मंजूर.