साबणाची वडी

इरावतीच्या घरात डागाला थारा नव्हता. भिंती, कपडे, माणसं, सगळ्यांवर लेप. पाणी पडलं की मोत्यासारखं घरंगळून जायचं. निमिषला तर जन्मतःच लेप दिलेला. खालच्या मजल्यावरच्या थोरल्या जावेची, शैलाची, बिनलेपाची पोरं आंब्याने माखलेले हात घेऊन जिन्यात दिसली की इरावती नाक मुरडायची. "चिकट कुठली!"

आज चार वर्षांचा निमिष तापाने फणफणला होता. औषध देऊन डॉक्टर म्हणाले होते, "ताप उतरेपर्यंत अंग ओलं ठेवा." ती ओल्या कापसाने पुसत होती, पण थेंब कपाळावरून पळून जात होते आणि कपाळ तव्यासारखं कोरडं तापलेलं.

शेवटी ती जिना उतरली.

"अगंबाई! महाराणी आमच्या उकिरड्यावर?" शैला म्हणाली. मग सगळं ऐकून घेऊन म्हणाली, "पाण्यात साबण कालव. पाण्याचा ताठा साबणानेच उतरतो, मग ते कशालाही धरतं. घरात आहे ना साबण?"

इरावतीने नकारार्थी मान हलवली. डागच पडत नाहीत त्या घरात साबण कशाला असेल?

शैलाने मोरीतली झिजलेली वडी पुढे केली. "केस चिकटलाय हो त्याला. चालेल?"

इरावतीने ती दोन्ही हातांनी घेतली.

फेसाळ पाणी निमिषच्या कपाळावर पसरलं आणि तिथेच राहिलं. बऱ्याच वेळाने त्याने डोळे किलकिले केले.

"आई, हे कसलं गं लागतंय?"

इरावतीच्या मागोमाग वर आलेली शैला दारातून म्हणाली, "ओलं म्हणतात त्याला, राजा. तुझ्या आईला आवडत नाही ते."