जुनी काढायची तर

बाजारातून येऊन आई जोत्यावर चपला काढतेय, तोच लेकाचं फोनवरचं बोलणं तिच्या कानावर पडलं. "अरे, आधी जुनीला काढावंच लागेल. ती असेपर्यंत नवी बसणारच नाही. तिच्यामुळेच सगळं अडलंय."

आईच्या अंगाचा तिळपापड झाला. पिशवी तिथेच आदळून ती आत शिरली. "काढ की! हाताला धरून काढ! तुला बसायला, उभं राहायला ह्या जुनीनेच शिकवलं ना?"

लेक पोट धरून हसला. "अगं आई, तुला नाही! कॉम्प्युटरची सिस्टीम जुनी झालीये. माझं गेम बनवायचं सॉफ्टवेअर तिच्यावर चालत नाही, म्हणून नवी टाकतोय. हे बघ." त्याने बटण दाबलं. पडद्यावर एक चौकट उघडली.

"काय म्हणतंय ते?"

"विचारतंय, जुनी खरंच काढायची का?"

त्याने पुन्हा दाबलं. पुन्हा चौकट.

"आता काय?"

"पुन्हा विचारतंय. तिच्यात जपून ठेवण्यासारखं काही असेल तर आधी बाजूला काढा, म्हणतंय."

आईने भिंतीकडे पाहिलं. सकाळपर्यंत तिथे तिची खाट होती, आता त्याचं हे टेबल होतं. घरी येताना तिला ती खाट जिन्याखाली दिसली होती, वर तिच्याच लुगड्यांचं गाठोडं.

"यंत्राला तुझ्यापेक्षा रीत कळते, मेल्या," ती म्हणाली. "जुनीला काढायच्या आधी ते दोनदा विचारतं."