ओटीचा फोटो

“तुम्ही फोटो काढा ना. तुमचा हात किती स्थिर आहे,” विहीणबाई गोड आवाजात म्हणाल्या आणि माझ्याच लेकीच्या डोहाळजेवणात मोबाइल माझ्या हातात आला. आमचे हे गेल्यापासून प्रत्येक कार्यात असंच. सवाष्णी ओटी भरतात, मी फोटो काढते.

फुलांचा मुकुट घातलेली ऋजुता पाटावर बसली होती. भोवती सगळ्या हसत होत्या. ती माझ्याकडे बघत होती.

मी मोबाइल तांब्याला टेकवून टायमर लावला आणि सरळ जाऊन तबकातले तांदूळ ओंजळीत घेतले.

“अहो, तुम्ही कशाला...” विहीणबाई पुटपुटल्या.

“हात स्थिर आहे माझा,” मी म्हटलं आणि लेकीची ओटी भरली.

फोटो छान आलाय. सगळ्या माझ्याकडे बघतायत. कॅमेऱ्याकडे बघून हसतोय आम्ही दोघीच, मायलेकी.